फहीम ऑनलाइन आहे

मस्कतमधला जून कानांनी ओळखावा. शाळा सुटतात, विमानं भरतात आणि आठवड्याभरात बिल्डिंगमधली माणसं जाऊन यंत्रं उरतात. आधी दारांसमोरच्या चपला नाहीशा होतात. मग जिन्यातला फोडणीचा वास जातो, मग मुलांची भांडणं. शेवटी राहतो तो एसीचा आवाज. गावाला जाणारी माणसं एसी बारीक चालू ठेवून जातात, नाहीतर दमट हवेनं गाद्यांना आणि लग्नाच्या अल्बमना बुरशी धरते. म्हणून जूनमध्ये आमच्या दार्सैत भागातली घरं बाहेरून भाजलेली आणि आतून गार असतात. बंद दाराला तळहात लावला तर लाकूड थंड लागतं. आत कुणी नाही हे पक्कं माहीत असतं. तरी तो गारवा कुणासाठी तरी चालू आहे, असं वाटत राहतं.

काल अल् खुवैरच्या ऑफिसातून दुपारी निघाले तेव्हा घर्बी सुटली होती. वाळवंटाकडून येणारा हा कोरडा, भट्टीसारखा वारा. पार्किंगमध्ये चिटपाखरू नव्हतं. स्टिअरिंगला हात लावता येईना म्हणून दार उघडं टाकून उभी राहिले, आणि समोरच्या रिकाम्या बिल्डिंगचे सगळे एसी एका सुरात गुणगुणताना ऐकू आले. गेल्या वर्षीचा जून तसाच्या तसा परत आला.

आधी एक सांगते, म्हणजे गैरसमज नको. मी भुतं मानत नाही. माझे बाबा एसीचे टेक्निशियन. चिपळूणहून इथं आले तेव्हा त्यांच्या बॅगेत पाने, पकडी आणि पत्रकांचा गठ्ठा होता. त्यांचे तिकडचे मित्र अंधश्रद्धेविरुद्ध गावोगाव सभा घ्यायचे, आणि त्यांची पातळ पिवळ्या कागदावरची पत्रकं बाबा दर सुट्टीत घेऊन यायचे. आमच्या शाळेत मराठी नव्हतं. मी वाचायला शिकले ती त्या पत्रकांवर. त्यामुळे मला ‘शोषण’ हा शब्द ‘शेवगा’ या शब्दाच्या आधी आला. बाकीची पोरं चुकीचं मराठी बोलायची, मी भाषणातलं बोलायचे. एका पत्रकात लिहिलं होतं, भरदुपारी वडाखाली दिसणारं भूत म्हणजे उन्हानं शिणलेले डोळे. ते मला पाठ होतं. वड कसा असतो ते मात्र मी कधी पाहिलं नव्हतं.

रिकाम्या घरांच्या किल्ल्या बाबांकडे असायच्या. पाणी ठिबकतंय का, कॉम्प्रेसर तापलाय का, ते बघायला ते जेवणानंतर फेरी मारत आणि लहानपणी मीही मागोमाग जायचे. चादरी पांघरलेले सोफे. दार उघडं ठेवलेला फ्रीज. भिंतीवर थांबलेलं घड्याळ. एखाद्या घरात टीव्हीचा लाल दिवा डोळा उघडा ठेवल्यासारखा चालू. बाबा मोठ्यानं म्हणायचे, “कोण आहे? भूत असशील तर उद्या ये, आज फिल्टर धुवायचाय!” आणि मी हसायचे, पण त्यांच्या शर्टाचं टोक हातात धरून.

फहीम वरच्या मजल्यावरचा. माझ्यापेक्षा चार-पाच वर्षांनी मोठा. मूळ गाव रत्नागिरीजवळचं, वडिलांचं रुवीत टायरचं दुकान. बिल्डिंगमधला पहिला गेमचा कन्सोल त्याच्याकडे आला, आणि बिल्डिंगमधली सगळी पोरं शाळा सुटल्यावर त्याच घरी सापडू लागली. त्याची आई, रुकय्या चाची, दारातच चपला मोजल्यासारख्या बघायची आणि तेवढी थालीपीठं लावायची.

कन्सोलवर नवे खेळ इंटरनेटवरून उतरवायचे. त्यासाठी खातं हवं. खात्यासाठी देश हवा. देशांच्या यादीत ओमान नव्हतं. रुवीच्या दुकानात मिळणारी कार्डंही अमेरिकेचीच. मग कुणीतरी नकाशावर बोट ठेवून अमेरिकेतल्या एका लहान गावातला पत्ता उचलला, आणि तो पाढ्यासारखा एकाकडून दुसऱ्याकडे गेला. घर नंबर, रस्ता, पिनकोड. जन्मतारीखही सगळ्यांची एकच, एक जानेवारी. रत्नागिरीची, कोल्लमची, राजकोटची पोरं, दार्सैतच्या चढावर घामेजलेली, कागदोपत्री अमेरिकेतल्या एकाच घरात जन्मली होती आणि तिथंच राहत होती.

मोठी झाल्यावर एकदा मी तो पत्ता इंटरनेटवर शोधून पाहिला. रस्त्यावरून काढलेला फोटो होता. पांढरं लाकडी घर, पुढं ओसरी, गवतात आडवी पडलेली लहान मुलाची सायकल. दार किंचित उघडं. त्या घरातल्या माणसांना कधी कळलं असेल का, की त्यांच्या छताखाली आम्ही इतके जण आहोत? मी तो फोटो पुन्हा उघडला नाही.

फहीम गेला तोही उन्हाळाच होता. दक्षिणेकडच्या सलालाला त्या दिवसांत धुकं आणि हिरवळ असते, निम्मं मस्कत गाडीनं तिकडं जातं. परत येताना वाळवंटातल्या हैमाच्या पुढं, सरळसोट रस्त्यावर, गाडी उलटली. मागच्या सीटवरचे दोघं वाचले. फहीम चालवत होता. त्यानंतर चाचीचा आवाज उतरला. म्हणजे तिनं बोलणं सोडलं नाही. रोज बोलायची, विचारपूस करायची, पण असं की पुढं वाकून ऐकावं लागे.

गेल्या जूनमध्ये पुण्याचं शिक्षण संपवून मी घरी आले, तेव्हा चाचा-चाची कायमचे परत निघाले होते. दुकान दुसऱ्याला दिलं होतं, व्हिसा संपत होता. इथं असं घर उठतं तेव्हा आठवडाभर दार उघडंच असतं. शेजारी येतात, एकेक वस्तू नेतात, जाणाऱ्याला ते शुभ वाटतं. उरलेलं खोक्यांत भरून कार्गोनं जातं, खोक्यावर जाड पेनानं नाव आणि गाव. मी गेले तर चाची खोक्यांच्या मधे जमिनीवर बसली होती.

“ये गो मुक्ता. चपला काढू नको, काच पडलीय खाली. काय नेतेस? कुकर ने.”

“चाची, कुकर आहे आमच्याकडे.”

“तुझ्या बापाशीला दे. तो देव मानत नाय, भूत मानत नाय, पण एसी बंद पडला की पहिला वर बघतो.”

मग तिनं एक पिशवी पुढं सरकवली. आत कन्सोल होता. ती म्हणाली, “ह्याच्यात त्यानं बिल्डिंग बांधली होती. मना एकदा दाखवलीन, मी भाजी परतत होते, नीट बघितलं नाय. जायच्या आधी एकदा बघायचीय. चाचाला लावता येत नाय. तू लाव.”

मी लावला. टीव्हीचा पडदा निळा झाला, आणि नव्या यंत्रासारखा त्यानं भाषा कोणती ते विचारलं.

झालं असं होतं. प्रवासात वायर सैल नको म्हणून चाचांनी तो रुवीच्या एका दुकानात तपासायला दिला होता. इथून कायमचं जाणारं माणूस वस्तू विकण्याआधी पुसून घेतं. फोटो, पासपोर्टच्या कॉप्या, सगळं. दुकानदारानं हेही तसंच धरलं. न मागता, मायेनं, सगळं पुसलं. वर म्हणाला, “एकदम क्लीन करून दिया भाई, कुछ नहीं बचा.” चाचांनी त्याला दुवा दिली.

चाचीनं हे ऐकून घेतलं आणि टेपचा रोल उचलून खोकं बंद करायला लागली. टेप फाडल्याचा आवाज त्या रिकाम्या खोलीत इतका मोठा आला की आम्ही दोघी दचकलो.

फहीम नीटनेटका होता, एवढंच आम्हाला वाचवणारं निघालं. त्यानं बांधलेल्या गोष्टींची प्रत एका पेनड्राइव्हवर ठेवली होती, आणि तो पेनड्राइव्ह त्याच्या बताक्याबरोबर, इथल्या राहण्याच्या ओळखपत्राबरोबर, चाचीच्या कपाटात होता. बिल्डिंग शाबूत होती. पण ती उघडायला मूळ खेळ हवा. तो फक्त ऑनलाइन दुकानात, आणि उतरवायचा हक्क फक्त फहीमच्या खात्याला. त्या खात्याचा पासवर्ड कुणालाच माहीत नव्हता. त्यातून यंत्र जुनं झालेलं, त्याचं दुकानच लवकरच बंद होणार अशी सूचना पहिल्या पानावर झळकत होती.

दुकानाच्या अटी मी शेवटपर्यंत वाचल्या. माझी सवयच ती. तिथं लिहिलं होतं, तुम्ही खेळ विकत घेतलेला नाही; खेळण्याची परवानगी घेतली आहे. ती दुसऱ्याला देता येणार नाही. वारसाला मिळणार नाही. खातेदार मेला की खातं संपलं.

माझं डोकं फिरलं. पैसे घेताना दुकानाच्या पाटीवर ‘विक्री’ लिहायचं आणि आतल्या पानावर ‘परवानगी’? भांडं घेतलं तर भांडं पोरीला जातं. पुस्तक घेतलं तर पुस्तक जातं. पोरानं ईदीचे पैसे साठवून घेतलेला खेळ आईला का जाऊ नये? मी हे मोठ्यानं बोलत होते, सभेत बोलल्यासारखी. चाची खोक्यावर गावाचं नाव लिहीत होती. मान वर न करता म्हणाली, “मग काय नवीन? चाचा तीस वर्सं इथं राहिले, ती पण परवानगीच.”

खरंच होतं ते. इथं जन्मलेली मी, इथली माती माझ्या दातांत आहे, तरी कुठल्याशा कागदावर शिक्का आहे तोवरच मी आहे. आम्ही सगळे उतरवून घेतलेले. परवाना संपला की दुकानदार येतो आणि मायेनं पुसतो.

मी बाबांना विचारलं. ते म्हणाले, “काय गं, भूत उतरवायला निघालीस की चढवायला?” मग गंभीर झाले. “कंपनीच्या माणसाशी बोल. खरं सांग.”

खरं सांगितलं तर खातं बंद, हे मी वाचलं होतं. बाबांना ते कळत नव्हतं. आमच्या घरात खोट्याला सवलत नाही. भोंदू बाबा मेलेल्याच्या आवाजात बोलतो आणि आईबापांकडून नारळ उकळतो, असल्या पत्रकांच्या घड्या मी स्वतः घातल्या होत्या. आणि आता मलाच मेलेल्याच्या नावानं बोलायचं होतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी बसलो. बाहेर सगळं पांढरं झालेलं. चढावर कुत्रं नाही, टॅक्सी नाही, इथल्या हिंदू देवळाचं दार बंद. चाचीच्या घरात पडदेही खोक्यांत गेल्यामुळे ऊन थेट आत आलेलं. टीव्ही जमिनीवर. मी लॅपटॉप मांडीवर घेऊन कंपनीच्या मदतीच्या चॅटवर गेले. पलीकडच्या माणसानं इंग्रजीत पत्ता विचारला. मी अमेरिकेतल्या घराचा पत्ता दिला. जन्मतारीख, एक जानेवारी. मग त्यानं विचारलं, खातेदार आपणच का?

माझी बोटं थांबली. चाची शेजारी सरकून बसली होती. “काय विचारतो?”

“तू फहीमच का, म्हणून.”

ती पडद्याकडे बघत राहिली. तिच्या मागच्या भिंतीवर कपाट होतं तेवढा चौकोन पांढरा राहिला होता. “हो लिही,” ती म्हणाली. “पाप माझं.”

मी हो लिहिलं.

उत्तर लगेच आलं. पुन्हा स्वागत, फहीम! खूप दिवसांनी आलात. आज कसे आहात?

मला ठाऊक आहे, ते वाक्य आधीच लिहून ठेवलेलं असतं. तो माणूस दिवसभर एक बटण दाबून सगळ्यांना तेच पाठवत असणार. तरी मी ते दोनदा वाचलं. इतक्या वर्षांत त्याला कुणी कसा आहेस असं विचारलं नव्हतं. मी चाचीला सांगावं की नाही या विचारात होते, पण नाव तिला वाचता आलं होतं.

“काय म्हणतो?”

“कसा आहेस, म्हणून विचारतोय.”

चाचीनं ओढणी नीट केली. पाहुण्यासमोर करतात तशी. “बरा हाय म्हण,” ती म्हणाली. “अल्लाच्या कृपेनं बरा हाय.”

मी टाइप केलं, मी बरा आहे. त्यानं खात्याचा नवा पासवर्ड पाठवला.

खेळ उतरायला वेळ लागला. पडद्यावरची निळी पट्टी मुंगीसारखी सरकत होती. चाचीनं शेवटच्या डब्यातलं कोकम काढून सरबत केलं. कुठल्यातरी बंद घरातला एसी थरथरला आणि पुन्हा सुरात आला. बाबा फेरी संपवून, हातात फिल्टर घेऊन, दाराच्या चौकटीला टेकून उभे राहिले. आत आले नाहीत.

मग बिल्डिंग उघडली.

ती आमचीच होती. खेळात ठोकळे मिळत, रंग मिळत, त्यातून त्यानं चढ केला होता, गेट केलं होतं, गच्चीवरच्या पाण्याच्या टाक्या केल्या होत्या. दारांपुढं चपलाही. खेळातलं ऊन दुपारचं होतं आणि हलत नव्हतं. गेटपाशी एक लहानसा माणूस उभा होता, नारिंगी शर्टातला, डोळ्यांच्या जागी दोन टिंबं. आपण बटण दाबलं की तो चालायचा. दारापाशी जाऊन दाबलं की त्या दारामागचा आवाज ऐकू यायचा, कारण फहीमनं माइक घेऊन घरोघर जाऊन प्रत्येकाचं बोलणं टिपलं होतं. तळमजल्यावरची मल्याळी टीचर, कोल्लमला परतून जमाना झालेली, म्हणाली, “हू इज इट?” दुसऱ्या दारामागून फहीमचा मित्र निखिल ओरडला, “अबे आत ये, नाहीतर दार लाव, एसी जातोय!” आमच्या दारामागून बाबा म्हणाले, “कोण आहे? भूत असशील तर उद्या ये!”

चौकटीतले बाबा हसले नाहीत. त्यांनी फिल्टर हळूच खाली ठेवला.

नारिंगी माणूस जिना चढला. चाचीच्या दारापाशी मी बटण दाबलं, आणि त्या रिकाम्या खोलीत एक बाई खणखणीत आवाजात ओरडली, “फहीम! हात धू आणि ये!”

चाची मागं सरकली. मग तिच्या आताच्या, वाकून ऐकाव्या लागणाऱ्या आवाजात म्हणाली, “ही मी?”

“हो.”

“एवढी ओरडायची मी?”

बाबा म्हणाले, “खालपर्यंत ऐकू यायचं, भाभी. आम्ही पण हात धुवायचो.”

ती हसली, तोंडावर ओढणी धरून. मग म्हणाली, “आणि तो? त्याचा आवाज कुठल्या दारामागं हाय?”

मला हे आधीच कळून चुकलं होतं. माइक त्याच्या हातात होता. सगळी दारं वाजवणारा तो, त्यामुळे कुठल्याच दारामागं तो नव्हता. मी तसं सांगितलं. चाचीनं मान हलवली. आम्ही बटणांवरचे हात काढून घेतले होते, आणि नारिंगी माणूस दाराकडे पाठ करून वळला, एका पायावरून दुसऱ्या पायावर झाला, आणि मान वर करून पडद्यातून बाहेर बघू लागला.

“आपल्याकडं बघतोय,” चाची म्हणाली.

“चाची, बटण दाबलं नाही की तो तसं करतो. तसा प्रोग्रॅम असतो.”

“माहीत हाय मना. गप बस जरा.”

मी गप्प बसले. मला वाटतं, आयुष्यात पहिल्यांदा. पत्रकात जे लिहिलं होतं ते सगळं खरं होतं. ऊन होतं, शिणलेले डोळे होते, भरदुपार होती. तरी त्या दोन टिंबांपुढं मला काही सिद्ध करावंसं वाटेना. बाईला भूत नको होतं, चमत्कार नको होता. तिला बिल्डिंग बघायची होती आणि ती ती बघत होती.

तेवढ्यात पडद्याच्या कोपऱ्यात एक लहान चौकट उघडली. निखिलचं नाव. तो आता कॅनडात असतो. त्यानं लिहिलं होतं फक्त, “फहीम?”

एसीची गुणगुण ऐकू येत राहिली. मला आधी उमगलंच नाही. मग लक्षात आलं, आम्ही खात्यात शिरलो त्या क्षणी जगभर पांगलेल्या सगळ्या जुन्या मित्रांच्या फोनवर फहीमच्या नावापुढं हिरवा ठिपका लागला असणार. फहीम ऑनलाइन आहे. निखिल तिकडे सकाळी उठला आणि त्यानं ते पाहिलं.

निखिलचीच दुसरी चौकट उघडली. “कोण आहे हा? कुणी उघडलंय त्याचं खातं? लाज नाही वाटत?”

मी कंट्रोलर खाली ठेवला. कंपनीला खोटं सांगताना मला निदान राग होता, आधार म्हणून. इथं रागाचा हक्क निखिलचा होता. मी बंद करायला उठले. चाचीनं माझा हात धरला.

“काय लिहितो तो?”

मी वाचून दाखवलं. तिनं एकदा नारिंगी माणसाकडे पाहिलं.

“निखिलला खरं लिही,” ती म्हणाली. “त्याला खोटं नको. अम्मी बसलीय म्हण.”

मी लिहिलं, “निखिल, फहीमची अम्मी बसली आहे. मी मुक्ता. चाची उद्या कायमच्या गावी जातायत. त्यांना बिल्डिंग बघायची होती.”

बाबा दारातून आत आले आणि खोक्यावर बसले. मग चौकट उघडली. “चाची, मी येऊ का आत?”

“कसा येणार तो?” चाचीनं विचारलं.

“येता येतं, खेळात. हो म्हणू?”

“विचारतो काय मेला. ये म्हण.”

मी परवानगीचं बटण दाबलं. गेटपाशी, त्या न हलणाऱ्या उन्हात, दुसरा एक लहान माणूस उभा राहिला, हिरव्या शर्टातला. तो थोडा घुटमळला. मग चढ चढून आत आला, स्वतःच्या दारापुढं क्षणभर थांबला, ते न वाजवता जिन्याला लागला. आमचे तिघांचेही हात मांडीवर होते. तो वर आला, नारिंगी माणसाच्या शेजारी उभा राहिला आणि त्यानं दार वाजवलं.

आणि आम्ही काहीही दाबलेलं नसताना चाचीचा जुना, खणखणीत आवाज सगळ्या बिल्डिंगभर घुमला.

चाची उठली, भरलेल्या खोक्याची टेप काढली आणि त्यातून ताटं बाहेर काढू लागली. “तो तिकडं काय खात असेल,” ती म्हणाली, तिच्या मूळच्या आवाजात. “विचार गो मुक्ता. जेवला काय विचार.”